रेती परत न्यायला निघालेले मामा

जप्त झालेल्या लॉरीची भेट घ्यायला जाणारा वकील उभ्या हिंदुस्थानात एकच होता, आणि तो माझ्या बायकोचा मामा होता. नव्वदनंतरच्या त्या वर्षांत हैदराबादेत जो तो घर बांधत सुटला होता. दिलसुखनगरला कालचं मोकळं मैदान आज सापडत नसे. एवढ्या बांधकामाला रेती लागणार, ती नदीतून येणार, विनापरवाना आली की पोलीस लॉरी धरणार आणि मालक आबिड्सला मामांच्या ऑफिसचा जिना चढणार, हे ठरलेलंच होतं. मामा आधी ठाण्याच्या आवारात जात, लॉरीभोवती फिरून टायर चाचपत आणि हौद्यातली रेती तळहातावर घेऊन ती कुठल्या नदीची ते सांगत. मांजरेची निघाली तर बराच वेळ मूठ उघडत नसत, कारण त्यांचं लहानपण मांजरेच्या काठी गेलेलं.

कोर्टात त्यांचं म्हणणं साधं असे. मालकाला नोटीस दिली नाही, त्याचं ऐकून घेतलं नाही, मग जप्ती कसली? लॉरी उन्हापावसात सडवून सरकारला काय मिळणार? एवढ्यावर लॉरी बहुधा सुटे. पण प्रत्येक अर्जाच्या शेवटी मामा आणखी एक विनंती घालत: जप्त रेती नदीत परत टाकण्याचा हुकूम व्हावा. न्यायमूर्ती हसत आणि तेवढी विनंती फेटाळत. मला याचं भारी कुतूहल. एकदा तारनाक्याला त्यांच्या घरी चहा घेताना विचारलंच.

"अहो जावईबापू, लॉरीला मालक आहे, तो माझ्याकडे येतो," मामा म्हणाले. "नदीनं कुणाकडे जायचं?"

मग यादगिरीची लॉरी आली. तो स्वतःच मालक, स्वतःच ड्रायव्हर. ती एक लॉरी चालली तर घर चालणार. मामांनी ती सोडवली. रेतीचं काय, हे मात्र हुकुमात कुठेच नव्हतं. इन्स्पेक्टरला आवार रिकामं हवं होतं. तो म्हणाला, न्या कुठेही. रेती मांजरेची होती; ती याच लॉरीतून नदीत परत टाकू या, असं म्हणताना मामांचा चेहरा असा खुलला की यादगिरीला नाही म्हणवेना.

"साब, अपने को बस लॉरी होना," आपल्याला फक्त लॉरी हवी, एवढंच तो पुटपुटला.

काळा कोट घालून मामा केबिनमध्ये बसले, त्यांच्या शेजारी मी. मांजरा नदी जवळ आली तशी तपासणी नाक्यावर पोलिसांनी लॉरी अडवली. परमिट मागितलं. नदीतून रेती काढायचं परमिट असतं, परत टाकायचं कुठून आणणार? जन्मभर परमिटवर भांडलेल्या माणसाला हे निघताना सुचलंच नव्हतं.

"नदी को रेती ले जारें? किसको बनारें साब?" जमादार म्हणाला. यादगिरीची लॉरी पुन्हा जप्त झाली.

परतीच्या बसमध्ये यादगिरीनं आमचीही तिकिटं स्वतःच काढली. शिव्या दिल्या असत्या तर मामांना बरं वाटलं असतं. नवा अर्ज त्यांनी स्वतः टाइप केला. तोवर यादगिरी दुसऱ्याची लॉरी चालवत होता आणि त्याची स्वतःची लॉरी नाक्यामागे गंजत होती. सुनावणीला मी मुद्दाम गेलो. न्यायमूर्तींनी अर्जाचं शेवटचं पान उलटून पाहिलं आणि हसत विचारलं, "वकीलसाहेब, नदीचं काय?"

"नदीचं काही नाही, माय लॉर्ड," मामा म्हणाले. "फक्त लॉरी."

लॉरी सुटली. यादगिरीनं रेती नाक्यामागेच उपसून टाकली, मामांना वाकून नमस्कार केला आणि लॉरी सुरू करून निघून गेला. मामा रस्त्याकडे बघत म्हणाले, "लॉरी सुटली की मला आनंद व्हायचा बघा. आज नुसतं हायसं वाटलं."

पुढे त्यांनी कितीतरी लॉऱ्या सोडवल्या. नदीसाठी मात्र पुन्हा कधी काही मागितलं नाही, आणि मला अजून त्याचंच वाईट वाटतं.