फ्लेक्सवरचा 'माजी'

गेल्या रविवारी राहुरीजवळच्या आमच्या गावात माझा सत्कार झाला. झाला म्हणजे... होता होता राहिला असता.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते. मी भारताच्या महिला हॉकी संघाकडून खेळले आहे. गेल्या वर्षी गुडघ्याचं लिगामेंट तुटलं, ऑपरेशन झालं, तेव्हापासून संघाबाहेर आहे. पुढच्या आठवड्यात फिटनेस टेस्ट आहे... पास झाले तर परत कॅम्पमध्ये, नाहीतर बहुतेक कायमची घरी.

हॉकी मला शाळेत नाही, घरात मिळाली. माझी आत्या लग्नाआधी जिल्ह्याकडून खेळायची. सासर गावातच, पण लग्नानंतर तिची स्टिक गोठ्याच्या दाराला अडसर म्हणून लागली.

मी लहान असताना तीच स्टिक काढून तिने मला खळ्यात उभं केलं. खळं शेणाने सारवलेलं, बॉल सरळ जायचा. चुकलं की ओरडायची, "कंबर खाली, नजर वर!" नंतर सगळ्या कोचनी मला हेच सांगितलं, फक्त इंग्रजीत.

तर रविवारी आईच्या आग्रहाने साडी नेसून मी देवळासमोरच्या स्टेजवर चढले आणि मागचा फ्लेक्स पाहिला. पुढाऱ्यांचे मोठमोठे फोटो, कोपऱ्यात मी, आणि माझ्या नावाच्या वर ठळक अक्षरांत... 'माजी आंतरराष्ट्रीय हॉकीपटू'.

माझा स्वभाव असा, की आधी स्वतःचीच उलटतपासणी. आज मी संघात नाही हे तर खरंच आहे, मग हे चूक कसं म्हणायचं? लोकांनी एवढ्या प्रेमाने केलंय... नारळ घ्यावा, फोटो काढावा, गुपचूप घरी जावं.

तेवढ्यात सरपंच शाल घेऊन पुढे आले आणि माईकवाला म्हणाला, "आपल्या ताईंनी नुकतीच हॉकीतून निवृत्ती घेतली असून..."

मी मागे सरकले. "काका, तो 'माजी' शब्द काढा. मगच शाल घेईन." माईक चालूच होता, सगळ्या मांडवाने ऐकलं.

सरपंच गोंधळले. "अगं पोरी, माजी म्हंजे मान असतो! हे माजी चेअरमन, हे माजी उपसरपंच, ते माजी सैनिक... समदे माजीच हायेत की स्टेजवर." खरंच होते. बिचाऱ्यांना वाटलं होतं, मोठ्या माणसाच्या नावाला ते लागतंच.

बायकांच्या रांगेतून आत्याचा आवाज आला, "तुमी इलेक्शनला पडला म्हनून माजी झाला. ही कुठं पडली?"

सगळा मांडव हसला... माजी सैनिक सगळ्यात मोठ्याने. "आत्याबाई, पर आता ऐन टायमाला फ्लेक्स कसा बदलायचा?" सरपंच म्हणाले.

स्टिकच्या मुठीला गुंडाळायची पांढरी टेप माझ्या पर्समध्ये असतेच. मी ती दातांनी तोडली आणि खुर्चीवर चढले. खालून आई ओरडली, "अगं, गुडघा!" पण तोपर्यंत शब्द झाकला गेला होता.

मग मीच माईक घेतला. "मी सध्या संघात नाही. टेस्ट बाकी आहे, नापासही होईन. पण मी सोडलेलं नाही. माझ्या वतीने दुसऱ्या कुणी सोडू नये." एवढं बोलून माईक परत दिला.

शाल घेतली. नारळ खाली जाऊन आत्याच्या हातात दिला. तिने खेळ सोडला तेव्हा सत्कार सोडा, तिला 'माजी' म्हणायचंही कुणाला सुचलं नव्हतं.

तिने नारळ कानाशी हलवून पाहिला आणि म्हणाली, "खुर्चीवर चढताना कंबर लई वर हुती तुजी. उद्या सकाळी खळ्यात ये."

तो फ्लेक्स आता तिच्या कडब्यावर अंथरलाय. टेप अजून निघालेली नाही.

टेस्टचं काय होईल माहीत नाही... भीती आहेच, खोटं कशाला लिहू. पण कधीतरी तो शब्द लावायची वेळ आलीच, तर माझ्या हाताने लावीन. तोवर रोज सकाळी खळ्यात आहे, आणि समोर आत्या आहे.