पत्रकाखालचं नाव

"कोन लोक?" असं म्हणून मॅडम हातातला खडू तुमच्या छातीवर रोखायच्या. तुम्ही फक्त एवढंच म्हटलेलं असायचं, की लोक म्हणतात यंदा पाऊस लवकर आहे. पण त्या सोडायच्या नाहीत. "लोक म्हंजे कोन? नाव सांग. ओनिमस बोल, बेटा."

हा शब्द तुम्ही ऐकला नसेल. मीही ऐकला नव्हता. अनॉनिमस म्हणजे निनावी, हे आता शाळेतलं पोरगंही सांगतं. त्याच्या उलटा एक शब्द इंग्रजीत आहे आणि इंग्रज लोकही तो वापरत नाहीत. ओनिमस. नावासकट. ज्याच्याखाली कुणीतरी आपलं नाव घातलंय, असं. मॅडम म्हणायच्या, "डिक्शनरीत पडून आहे बिचारा. निनावी कारभार इतका आहे की त्याले रोज शब्द लागते. नाव घेऊन उभा राहनारा कधीमधी भेटते. म्हनून या शब्दाले धंदा नाही."

जळगाव जामोदला बसस्टँडच्या मागच्या गल्लीत आमच्या शेतकऱ्यांच्या संघटनेचं ऑफिस आणि मॅडमचा इंग्रजीचा क्लास एकाच ओट्यावर होता. मधली भिंत पत्र्याची. इकडे आम्ही बियाणे कंपन्यांचा निषेध करत असायचो आणि तिकडून पोरं एका सुरात स्पेलिंगं म्हणत असायची. ओट्यावर त्यांच्या चपलांचा एवढा ढीग पडायचा की तो पसरत पसरत आमच्या दारापर्यंत यायचा. आमच्या बैठकीला येणाऱ्याला तो ओलांडून आत यावं लागे. येणारे फार नव्हते, पण प्रश्न तत्त्वाचा होता.

मी एकदा तक्रार केली. "मॅडम, तुमच्या चपला आमच्या हद्दीत येतात."

"ढकलून दे न बाबा इकडे. चपलेले काय कळते हद्द."

स्पष्टच लिहितो. मला त्या चपलांचा मत्सर वाटायचा.

संघटनेची पत्रकं मी लिहायचो. बोंडअळीवर लिहिलं, हमीभावावर लिहिलं, पीकविम्यावर तर इतकं लिहिलं की छापखान्यातले खिळे असते तर झिजले असते. आठवडी बाजारात आम्ही ती हातोहात वाटायचो आणि लोक ती जमिनीवर अंथरून त्यावर बूड टेकायचे. माझं एक वाक्य कुणाच्या तोंडी कधी ऐकू आलं नाही. आणि मॅडमचा हा एक शब्द, तोही इंग्रजी, पोरांनी क्लासमधून घरी नेला आणि गावभर झाला. भाजीवाली म्हणायची, "घे वं माय, वांगे ओनिमस आहेत, सुनगावच्या मळ्यातले." नळावर दोन बायका भांडायच्या तेव्हा एक म्हणायची, "आडून काऊन बोलतं? बोलायचं तं ओनिमस बोल." आमच्या संघटनेनं इंग्रजीच्या आक्रमणाविरुद्ध ठराव केला होता. तो मीच लिहिला होता. तोही कुणाला माहीत नाही.

मॅडमचे वडील पिंजारी. गाद्या-रजया भरायचे. मॅडम सांगायच्या, की रजई भरून, टाके घालून झाली की बाप तिच्या एका कोपऱ्यात लाल दोऱ्यानं आपलं नाव काढायचा. गिऱ्हाईक हसायचं. म्हणायचं, "चाचा, रजई माही, नाव तुमचं काऊन?" तर म्हातारा म्हणायचा, "उसवली तं कोनाकडे येशीन?"

ही गोष्ट मॅडम इतक्यांदा सांगायच्या की पत्र्यापलीकडून मलाही पाठ झाली होती. खडूनं पांढरी झालेली बोटं ओढणीला पुसत त्या शेवटचं वाक्य म्हणायच्या आणि पोरं त्यांच्याआधीच ते ओरडून मोकळी व्हायची. आमच्या बैठकीत त्या वेळी बहुधा देशातल्या कृषिधोरणाचा विषय चालू असायचा.

मग त्या साली पांढरी पाकिटं आली.

तुम्ही कापसाच्या पट्ट्यातले असाल तर सांगायला नको. बीटीला बोंडअळी जुमानेनाशी झाली होती आणि निंदणाला बाया मिळत नव्हत्या. अशात स्टँडरोडच्या एका दुकानदारानं काउंटरखालून नवं बियाणं द्यायला सुरुवात केली. तणनाशक मारा, म्हणे, तण जळेल, कपाशी हलणार नाही. सरकारची मंजुरी नाही, पाकिटावर कंपनी नाही, हातात बिल नाही. नुसतं पांढरं पाकीट. लोकांनी पेरलं. उगवलं चांगलं. मग भरवशानं तणनाशक मारलं, तर आठवड्याच्या आत तण आणि कपाशी दोन्ही पिवळी पडली आणि दोन्ही जळाली. वावरात ओळीनं काड्या उभ्या.

दुकानदार थांबला नाही. दुबार पेरणीसाठी तो तीच पाकिटं देत होता. म्हणायचा, आधीच्या लॉटमध्ये घोळ होता, आता नाही. आणि ज्यांचं जळालं त्यांना म्हणायचा, "बोलसान तं तुम्हीच आत जासान. चोरीचं बी पेरनं गुन्हा आहे, मालूम आहे न?" त्यामुळे गावभर चर्चा आणि सगळी चर्चा एकाच क्रियापदाची. लोक म्हणतात, त्या दुकानातून घेतलं होतं. लोक म्हणतात, पलीकडल्या गावात पार जळालं. माझं जळालं, असं कुणी म्हणायला तयार नाही. इकडे दुबारचे दिवस संपत चाललेले.

मी आयुष्यातलं सगळ्यात चांगलं पत्रक तेव्हा लिहिलं. दुकानाचं नाव घालून लिहिलं. 'ज्या पाकिटावर कुणी नाव टाकायला धजत नाही, त्याच्या भरवशावर आपलं वर्ष पेरू नका.' हे वाक्य लिहून मी स्वतःच उठून दोन फेऱ्या मारल्या. आणि छापायच्या आधी मॅडमना दाखवायला नेलं. काऊन नेलं, विचारू नका. ज्याचा मत्सर वाटतो त्याच्याच तोंडून वाहवा ऐकायची असते.

मॅडमनी वाचलं. मग कागद उलटा केला, पुन्हा सुलटा केला, कोपरे पाहिले.

"सुंदर लिहिलं," त्या म्हणाल्या. "नाव?"

"खाली आहे न. आपलेच, समस्त शेतकरी बांधव."

"हे कोन? कोन्या गल्लीत राह्यते?"

मी त्यांना समजावून सांगितलं, की संघटनेत व्यक्ती नसते, नाव आलं की अहंकार येतो, आमची ही परंपराच आहे. त्या शांतपणे ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "पाकिटावर नाव नाही म्हनून तू त्या दुकानदाराले झोडपून राह्यला. त्यानंही असंच सांगतलं तं? आमच्या धंद्यात व्यक्ती नसते म्हनून?"

मी कागद घेऊन बाहेर आलो. दारात माझी चप्पल पोरांच्या चपलांच्या ढिगात सापडेना.

छापखान्यात तेच झालं. मालक म्हणाला, मुद्रक म्हणून माझं नाव खाली येतं, प्रकाशकाचं द्या, नाही तर छापत नाही. मी भाऊंना, म्हणजे आमच्या नेत्यांना, फोन लावला. भाऊ म्हणाले, "नाव नको. नोटीस आली तर संघटना अडचणीत येईल. थोडं थांबू." मी मालकाला म्हटलं, थोडं थांबा. मी घाबरलो नव्हतो. मी शिस्तीत होतो. दोन्हींत फरक आहे आणि तो मी आजही कुणालाही समजावून सांगायला तयार आहे.

मॅडम तिथंच बाकावर बसल्या होत्या. क्लासच्या नव्या बॅचची जाहिरात छापायला आल्या होत्या. म्हणाल्या, "माहं टाका."

मालक हसला. "मॅडम, तुमचा काय संबंध? तुमच्याकडे गुंठाभर वावर नाही."

"कापूस माह्या बापाच्या नाकातोंडात गेला," त्या म्हणाल्या. "इतका संबंध पुरते न?"

पुरला. संध्याकाळी पत्रकं हातात आली. शब्दन् शब्द माझा आणि खाली ठळक टायपात मॅडमचं अख्खं नाव, बापाच्या नावासकट.

वाचकहो, त्या पत्रकावर कुणी बूड टेकलं नाही. लोकांनी ते घडी करून खिशात घातलं. चहाच्या टपरीवर माझं ते पाकिटाचं वाक्य एकानं दुसऱ्याला म्हणून दाखवलं आणि वर म्हणाला, "काय लिहिलं मॅडमनं." मी बाजूलाच उभा होतो. म्हटलं, "ते मी लिहिलं." टपरीवाला म्हणाला, "हो काय," आणि दुसऱ्याचा चहा गाळायला लागला.

बरं, मॅडम लपवत नव्हत्या. येईल त्याला सांगायच्या, "शब्द याचे आहेत. माहं फक्त नाव." त्यावर लोक म्हणायचे, "पाहा, केवढं मोठं मन." आता यावर माणसानं काय करावं ते तुम्हीच सांगा.

दुसऱ्या दिवसापासून ओट्यावर वेगळ्या चपला दिसायला लागल्या. टाचा झिजलेल्या, काळ्या मातीनं जड झालेल्या. जळालेल्या वावरांचे मालक येत होते. आमच्या दारावर 'शेतकरी' असा शब्द असलेली पाटी आहे, चांगली रंगवलेली. ती वाचत ते पुढं जायचे आणि मॅडमच्या दारात चपला काढायचे. 'दि गुड इंग्लिश क्लासेस' असं लिहिलेल्या दारात.

कृषी खात्याचे साहेब चौकशीला आले, तेही तिथंच. पोरांच्या बाकांवर शेतकरी गुडघे आवळून बसले होते. साहेबांनी विचारलं, पाकिटं कुणी घेतली होती? सगळे खाली पाहायला लागले. एकजण पुटपुटला, "लोक म्हनते..."

मॅडमनी खडू उचलला. नुसता खडू उचलला.

शेवटच्या बाकावरचे आसलगावचे एक म्हातारबा उठून उभे राहिले. उभं राहायची गरज नव्हती, पण शाळेतल्यासारखे उभे राहिले. त्यांनी आपलं नाव सांगितलं, बापाचं नाव सांगितलं, गाव सांगितलं. म्हणाले, "मीनंच घेतलं साहेब. बिल नाही भेटलं, पाकिटावर नाव नव्हतं, हे मले दिसत होतं. तरी घेतलं. आता काय करता ते करा." साहेब म्हणाले, "बाबा, बसा." म्हातारबा बसले आणि शेजारचा उठला. मग त्याच्या शेजारचा. मी खिडकीशी उभा राहून पाहत होतो. जे व्हावं म्हणून मी पत्रकं लिहीत आलो, ते माझ्या डोळ्यांपुढं होत होतं आणि माझ्याकडे कुणी पाहत नव्हतं.

पाकिटं त्या दुकानातून हटली. दुबारसाठी लोकांनी बिल घेऊन बियाणं आणलं. पांढरी पाकिटं दुसऱ्या तालुक्यात गेली असतील, मी भाबडा नाही. पण आमच्याकडची त्या साली थांबली.

मग मॅडमना नोटीस आली, बदनामीची. त्यांनी ती पोरांना मोठ्यानं वाचायला लावली, इंग्रजी चांगलं आहे म्हणून. पण दुकानदाराचं गोत मोठं होतं. कुणाच्या पोराला अचानक गणिताचा क्लास लागला, कुणाच्या पोरीला घरी काम निघालं. ओट्यावरच्या चपला रोज आमच्या दारापासून थोड्या मागं सरकत गेल्या, ओहोटी लागल्यासारख्या. ओट्याचा मालक दुकानदाराचा साडू निघाला. त्यानं मॅडमना खोली रिकामी करायला सांगितलं.

आम्हाला कुणी काही म्हटलं नाही. आम्हाला नोटीस नाही, खोली सोडा म्हणून निरोप नाही. दुकानदार तर रस्त्यात भेटला की मला रामराम करायचा. शपथेवर सांगतो, मला त्या नोटिशीचाही मत्सर वाटला.

मॅडम बऱ्हाणपूरला बहिणीकडे निघाल्या. तिथल्या शाळेत नोकरी मिळाली होती. छोटा हत्ती टेम्पो आणला, बाकं चढवली. मीही हात लावला. फळा उचलताना म्हटलं, "मॅडम, तुम्ही नाव टाकलं नसतं तर क्लास राहिला असता."

"राह्यला असता," त्या म्हणाल्या. "अन पोरांले मी ओनिमसचा अर्थ काय सांगतला असता?"

गाडीत ड्रायव्हरशेजारी बसल्यावर त्यांनी मला जवळ बोलावलं. मला वाटलं, आता काहीतरी मोठं बोलतील. म्हणाल्या, "तू लिहतं चांगलं. पन मजकूर कागदाच्या पार बुडापर्यंत ठासतं. खाली जागा सोडत जा."

आता ओट्यावर जागाच जागा आहे. बैठकीला येणारा सरळ आमच्या दारापर्यंत येतो, त्याला काही ओलांडावं लागत नाही. पत्र्यापलीकडे कुणीतरी खताच्या रिकाम्या गोण्या रचून ठेवल्या आहेत. आम्ही कृषिधोरणावर बोलतो आणि आवाज पत्र्यावर आपटून परत येतो.

तुम्ही विचाराल, मॅडमचं नाव काय. ते मी लिहिणार नाही. जळगाव जामोदला कुणालाही विचारा, सांगतील. त्या पत्रकावर छापलेलं आहे, माझ्याच शब्दांखाली. या एका मजकुराखाली तरी ते येऊ नये, असं मला फार वाटतं. बऱ्हाणपूरला हे त्यांच्या हाती पडलं तर त्या आधी कागद उलटसुलट करून कोपरे पाहतील, हे मला माहीत आहे.

म्हणून खाली जागा सोडली आहे. तिथं माझं नाव घालतोय, बापाच्या नावासकट. उसवलं तर माझ्याकडे या.