मिशीवालं गाढव

बाल्दिरीचं पोट बोलण्यावर चालायचं. बार्सेलोनात, पारालेल रस्त्यावरच्या थेटरात तो पडद्याशेजारी काठी घेऊन उभा राहायचा आणि मुक्या चित्रपटांतल्या माणसांना वाचा द्यायचा. दारुडा, सासू, शिपाई, सगळे आवाज त्याचेच. लोक म्हणायचे, हा मढ्यालाही बोलतं करील. त्यांना काय माहीत, बाल्दिरीला नेमकी त्याचीच धास्ती होती.

कारण इसिद्रे. बाल्दिरीचा जिवलग, विनोदी नट. दोन वर्षांपूर्वी एका चित्रपटासाठी त्याला गच्चीवरून उडी मारायची होती. खाली चौघांनी चादर ताणून धरलेली. त्यांत बाल्दिरी होता, भलीमोठी खोटी मिशी लावून. वरून इसिद्रेनं असं काही तोंड केलं की बाल्दिरीला हसू आवरेना. डोळे पुसायला त्यानं हात सोडला. एवढंच. इसिद्रे पुन्हा उठला नाही. आणि चित्रपट काढणारा इतका निर्लज्ज, त्यानं ते पडणंही तसंच ठेवून विकलं.

आता तोच चित्रपट रोज दुपारी लागायचा. इसिद्रेचा आवाज काढताना बाल्दिरीच्या अंगावर काटा यायचा. मग उडी यायची आणि तो ओरडायचा, "हे बघा मिशीवालं गाढव, चादर सोडली मेल्यानं!" थेटर लोटपोट. स्वतःला चारचौघांत शिवी घातली की त्याला जरा बरं वाटायचं, खोटं कशाला बोला.

एका रविवारी इसिद्रेची आई, रेमेई मावशी, पुढच्या बाकावर येऊन बसली. डोक्याला काळा रुमाल, मांडीवर भाजलेल्या बदामांची पुडी.

"पोराला बघायला आलेय," ती म्हणाली. "त्याच्या वतीनं नीट बोल हं, बाल्दिरी."

चादर कुणी सोडली, हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं.

उडी आली. बाल्दिरीनं नेहमीचं वाक्य गाळलं. नेहमीचे प्रेक्षक चुळबुळले.

"झोपलास का रे? गाढवाचं बोल की."

"मिशीवाल्याचं, मिशीवाल्याचं."

मावशीनं मान वर केली. "कोण रे तो मिशीवाला?"

पडद्यावर इसिद्रे पडून होता. बाल्दिरीनं काठी खाली ठेवली.

"मी, मावशी. तो मीच. माझा हात सुटला."

थेटर हसून हसून कोसळलं. असला हशा तिथं आजवर झाला नव्हता. एकटी मावशी हसली नाही. ती उठली आणि निघून गेली.

दुसऱ्या दिवशी बाल्दिरीनं जुनंच वाक्य म्हटलं, तर लोक भडकले. "ते नको, कालचं म्हण. मावशीचं." थेटरवाल्यानंही डोळे वटारले. मग तेच रूढ झालं. पुढची सात वर्षं, रोज दुपारी, बाल्दिरी भरल्या थेटरात कबुली देत राहिला आणि लोक पोट धरधरून हसत राहिले.