काकांच्या नावची ठेव

आमच्या चक्कीवाल्या काकूंना काही नीट ऐकून घ्यायचं असलं, की त्या चालती चक्की बंद करत. गहू अर्धा दळलेला असो, गिऱ्हाईक घाईत असो, काकू पदराने चेहऱ्यावरचं पीठ पुसायच्या आणि म्हणायच्या, "हं, आता सांग. म्हंजे काय?" अकोल्यात जठारपेठेत त्यांच्या चक्कीच्या वरच्या खोलीत मी भाड्याने राहत होते. नुकतीच वकिली सुरू केली होती. अशिलं फारशी नव्हती, त्यामुळे काकूंना उत्तरं द्यायला मला वेळ होता.

समजल्याशिवाय कशालाच हो म्हणायचं नाही, हा त्यांचा बाणा. डॉक्टरांनी एकदा 'शुगर बॉर्डरवर आहे' म्हटलं, तर काकूंनी विचारलं, "बॉर्डरच्या इकडं का तिकडं?"

काका गेले, आणि अमरावतीला दिलेल्या मुलीच्या आग्रहावरून काकूंनी चक्कीचं मीटर स्वतःच्या नावावर करून घेतलं. लगेच वीज कंपनीची नोटीस आली: नव्या ग्राहकाने नवी सुरक्षा ठेव भरावी. आम्ही दोघी ऑफिसात गेलो.

"ठेव तं आमच्या घरच्याइनं भरली होती," काकू म्हणाल्या.

"ती त्यांची. त्यांनी अर्ज केला की परत मिळेल," खिडकीतला माणूस म्हणाला.

"ते तं वारले."

"मग वारसाने अर्ज करावा. पण आधी तुमची नवी ठेव भरा."

"मीच वारस, अन् मीच नवी?"

त्या माणसाने माझ्याकडे पाहिलं. मी नोटिशीकडे पाहिलं. घरी येऊन नियम वाचत बसले. एका ठिकाणी वाटे, ठेव जोडणीची असते. दुसऱ्या ठिकाणी वाटे, माणसाची. काल लागलेला अर्थ आज उलटा व्हायचा.

मुदत टळली आणि चक्कीची वीज तोडली. बायका दळणाचे डबे घेऊन यायच्या आणि पुढच्या चक्कीवर जायच्या. काकू दारात स्टूल टाकून बसत. मुलगी फोनवर म्हणायची, "आई, भरून टाक ना." काकू म्हणत, "भरतो ना. पण त्याइच्या ठेवीचं काय झालं, ते तं सांगा कोनी."

शेवटी आम्ही ग्राहक मंचात तक्रार केली. मंचाने आधी वीज जोडून द्यायला लावली. सुनावणीत कंपनीच्या अधिकाऱ्याने पुन्हा तेच सांगितलं, की ठेव मूळ ग्राहकाने मागायला हवी. काकू उभ्या राहिल्या. "साहेब, ते आता कुठून मागतीन?" त्यांनी अगदी साधेपणाने विचारलं. कुणी हसलं नाही. अधिकारी कागद चाळत राहिला.

निकाल आमच्या बाजूने लागला. काकांची ठेव व्याजासकट काकूंच्या नावावर वळती करायची, नवी मागायची नाही. माझी ती पहिली जिंकलेली केस. जिना उतरताना मी भराभर बोलत होते. काकू मधल्या पायरीवर थांबल्या.

"म्हंजे आता ती माह्या नावावर?"

"हो काकू."

"अन् त्याइच्या नावावर काय राहिलं तिथं?"

"काही नाही. सगळं तुमचं झालं."

त्या कठड्याला धरून उभ्या राहिल्या. "मंग जिंकलो का आपण?"

"जिंकलो."

"मले तं काहीच समजून नाही राहिलं, पोरी."

मलाही समजलं नव्हतं. इतके दिवस आपण नेमकं काय मागत होतो, असा प्रश्न मला पहिल्यांदा तिथे पडला. पुढे मी वकिलीसाठी अमरावतीला आले. त्या केसच्या आधारावर दुसऱ्या केसेस जिंकल्या, पण तो प्रश्न सुटला नाही.

काकू मागच्या उन्हाळ्यात गेल्या. परवा त्यांची मुलगी भेटायला आली. चक्की विकायची ठरली होती.

"ताई, आईची ठेव परत मिळंल ना?"

"मिळेल. वारस म्हणून अर्ज कर."

ती चहाचा कप तसाच हातात धरून बसली. मग म्हणाली, "अन् नाही काढली, तं आईचं नाव राहीन का तिथं?"

कायदा आता मला चांगला माहीत आहे. तरी मी तिला म्हटलं, बघून सांगते. अजून सांगितलेलं नाही.