आंधळीचं काम

दारावरची बेल वाजली की यमुनाबाई दोन्ही हात पुढे करून, नजर छताला लावून जायच्या आणि कापऱ्या आवाजात विचारायच्या, "कोण? बाळ, तू आलास?"

"गॅसवाला हाय मी, बाई! तुमाला दिसतं ना?"

"दिसतं रे. सवय लागलीय," असं म्हणून त्याच्या पावतीवरची बारीक अक्षरं घडाघडा वाचून दाखवायच्या.

हिंदी सिनेमा काळा-पांढरा होता तेव्हापासून बाई नायकाची आंधळी आई व्हायच्या. पहिल्यांदा झाल्या तेव्हा ऐन विशीत होत्या आणि मुलगा चाळिशीचा. "मांडीवर डोकं ठेवून रडायचा मेला, आणि त्याच्या केसांचा कलप माझ्या पांढऱ्या लुगड्याला!"

मी यवतमाळकडची. आठवीत शाळा सुटली, कामासाठी पनवेलला आले आणि बाईंनी ठेवून घेतलं म्हणून टिकले. चार माणसांत तोंड उघडायची मला धास्ती. शिक्षण विचारलं तर? बाई म्हणायच्या, "डोळे मिटून बोल. आंधळीला कुणी कितवी पास विचारत नाही."

मग काचबिंदूनं त्यांची नजर खरोखरच गेली. आणि नेमकं तेव्हाच कितीतरी वर्षांनी काम आलं. मालिकेतल्या आंधळ्या आजीचं!

"कळलं तर म्हणतील, म्हातारी पडेल-बिडेल, आणि दुसरी घेतील," बाईंनी माझा हात घट्ट धरला. "मरायच्या आधी एकदा कॅमेऱ्यापुढे उभी राहू दे गं, सुमे."

म्हणून घरात आम्ही डोळस बाईचं काम बसवलं. मी कानात सांगायचं, त्यांनी बघितल्यासारखं करायचं. कर्नाळ्याजवळच्या बंगल्यात शूटिंग होतं. तिथे बाईंनी ऐटीत पेपर उघडला, उलटा. तो सरळ करेपर्यंत मी घामाघूम. तेवढ्यात दिग्दर्शक जवळ आला. मी काही सांगायच्या आत बाई म्हणाल्या, "साडी छान आहे हो."

दिग्दर्शक दाढीवाला मुलगा होता. "आजी फार विनोदी आहेत," तो हसत सुटला. माझा जीव भांड्यात पडला.

शॉट सुरू झाला. नजर गेल्यापासून बाई घरी चालायच्या तशाच चालल्या; भिंतीला बोटं टेकवत, सावकाश, मान खाली.

"कट! आजी, तुम्ही आंधळ्या वाटतच नाही. जरा आंधळं करा ना!"

"असं पाहिजे होय!" बाई म्हणाल्या आणि भिंत सोडून, हात पसरून, वाटेतला तांब्या लाथाडत थेट खोलीच्या मधोमध आल्या. टाळ्याच टाळ्या.

तो भाग लागला तेव्हा शेजारच्या शमीमभाभी आमच्याकडे बघायला आल्या होत्या. ओढणीनं डोळे पुसत म्हणाल्या, "या अल्ला! खाला, एकदम असली वाटतंय!"

बाई खूश. मला विचारलं, "हात कसे दिसतायत गं?"

"थरथरतायत, बाई. काय सुंदर केलंत!"

"ते मी केलेलं नाही," त्या हळूच म्हणाल्या. "तू कुठे उभी आहेस, ते मला कळत नव्हतं."