बिनहाराचा फोटो

भावाचा फोन आला तेव्हा मी माणिकपूरच्या शाळेत पेपर तपासत होते. "ताई, सुनंदा गेली." साध्या तापाचं निमित्त... माझी धाकटी बहीण, चाळिशीही न गाठलेली. आणि खरं सांगते, माहेरी आगाशीला पोचून रडून होतंय न होतंय तोच मला तिचा राग आला. आईने विचारलं, "तेराव्याला फोटो कुठला ठेवायचा?" आणि घरात तिचा एकटीचा असा एक धड फोटो नव्हता!

सुनंदा कलाकार होती. कॉम्प्युटर, स्कॅनर, जुने टीव्ही घेऊन ती 'माणूस म्हणजे नेमकं कोण' हे शोधते, असं म्हणायची. आम्हाला दिसायचं ते एवढंच, की केळीच्या वाडीतून दमून आलेल्या माणसाला धरून ती स्कॅनरच्या काचेवर तोंड टेकायला लावायची. "आत्या, डोळे मीट, हलू नकोस." मग त्या चेहऱ्यांची भेसळ. माझं नाक, आईची हनुवटी, आत्याचं कपाळ, आणि मध्ये कुठेतरी ती स्वतः. अल्बममधले फोटोही तिने कापून त्यातच घातले. माणिकपूरला हॉल घेऊन प्रदर्शन लावलं, तर टीव्हीवर आत्याच्या चेहऱ्याला माझ्या नवऱ्याच्या मिश्या! आत्या वर्षभर आमच्याकडे पाणी प्यायली नाही. नवरा मात्र खूश.

तिचं लग्न जमत होतं तेव्हा तर कहरच केला. मुलाकडे पाठवायचा फोटो हिने स्वतःच तयार केला. विरारहून मंडळी आली, आणि पोहे खाताना सगळी माझ्याकडेच बघतायत. मी गळ्यात मंगळसूत्र घातलेली, पोट पुढे आलेलं! मंडळी गेल्यावर मी तिला अशी झापली... तर म्हणते, "ताई, चिडतेस काय? तुझं नाक माझ्यात नाहीये का? नुसती मी अशी कुठे असते, दाखव ना." डोकं फिरलं माझं. स्थळ गेलं ते गेलंच, हिला त्याचं काही नाही.

आता दाखवायची वेळ माझ्यावरच आली. भाऊ आणि मी तिचा कॉम्प्युटर उघडून बसलो. चेहरेच चेहरे, पण एकही निव्वळ तिचा नाही. मतदार ओळखपत्रावर नुसता काळा डाग. शेवटी आईने एका चेहऱ्यावर बोट ठेवलं, "हा घ्या. यात ती हसतेय." छापून आणला, फ्रेम केली, हार आणला. तर आत्या कडाडली, "अगं, यात ही जिती बसलीय ना! जित्या माणसाच्या फोटोला हार घालता?" नाक माझंच होतं, कबूल. आई म्हणाली, "मग नको हार."

तेव्हापासून फोटो बाहेरच्या खोलीत तसाच आहे. गेल्या आठवड्यात मी आगाशीला आले होते, तेव्हा शेजारी नव्याने राहायला आलेल्या बाई घरी आल्या. भिंतीकडे बघून म्हणाल्या, "ही कोण हो? तुमच्यासारखीच दिसते."

"धाकटी माझी," आई म्हणाली.

"काय करते?"

मला वाटलं, आता आईचा बांध फुटणार. पण आई अगदी सहज म्हणाली, "बसलेली असते त्या कॉम्प्युटरसमोर. जेवायला हाक मारली तरी येत नाही."

माझ्या हातात चहाचा ट्रे. इतका राग आला मला सुनंदाचा... होती तेव्हा छळलं ते छळलं, आता हेही माझ्याच गळ्यात! मी कप खाली ठेवले आणि म्हटलं, "हो ना. हाका मारून मारून थकले मी."