मोरीच्या पलीकडं आय

आय पलीकडं कलंडली तेव्हा मला आधी आयचं तोंड दिसलंच नाय, मला पोर दिसली... तेल लावलेली, उघडी, आयच्या लांब केलेल्या पायांवर पालथी. ते पाय एका अंगाला पडलेले आणि पोर घसरत घसरत ओहोळाच्या पाण्याकडं चाललेली. मी मोरीच्या अलीकडं उभी. ओहोळावरच्या त्या मोरीच्या अलीकडं शहापूर तालुका, पलीकडं मुरबाड, आणि मुरबाड तालुक्यात पाय ठेवायचा नाय अशी माझ्या जामिनाला अट. मी धावले. विचार करून धावले असं नाय सांगत, विचार झालाच नाय. पोर उचलली, छातीशी धरली, तेलानं ती हातातून सुटत होती, आणि मंग आयकडं बघितलं. तोंड वाकडं झालेलं. श्वास चालू होता. डोळे माझ्याकडंच होते.

आमचं माहेर सिद्धगडाच्या बाजूला. बाबा नायत, आय एकटी. शेताच्या बांधावरून आमचं चुलत्याशी भांडण झालं, मारामारी झाली, चुलत्याचं डोकं फुटलं. त्याच्या पोरानं, सुरेशनं, तक्रारीत माझ्या नवऱ्याचं नाव घातलं आणि माझं पण. मी तेव्हा पोटुशी, पडवीत बसलेली. पण नाव लागलं ते लागलं. पोलीस घेऊन जायच्या आधीच वकिलानं कोर्टातून आमचा दोघांचा जामीन आणला, अटकपूर्व. मी देवाला नारळ फोडला. वकील फोनवर बोलला, दर रविवारी शहापूरला पोलीस ठाण्यात हजेरी, आणि तपास होईपर्यंत मुरबाड तालुका बंद. मी विचारलं, बाळंतपणाला माहेरी जायचंय ना मला? तो बोलला, आता माहेर विसर, नायतर बाळंतपण जेलात होईल. तेवढं ऐकलं आणि पुढं मी काय विचारलंच नाय.

बाळंतपण सासरी झालं, आटगावच्या बाजूला. सासू चांगलीय, पण आय ती आय. आणि आमची आय जुन्या वळणाची. आमच्यात लेकीच्या घरात मुक्काम करायचा नाय, लेकीच्या घरचं पाणी पण प्यायचं नाय. मी रडले, राहा गो आये, कोण बघतंय? ती बोलली, "तुझा बाप बघतोय वरून." मंग नातीला तेल-पाणी कोण घालणार? त्याच्यावर आयनंच तोड काढली. बाजाराच्या दिवशी ती एसटीनं मुरबाडला यायची, तिथून रिक्षानं मोरीपर्यंत. सावली पलीकडं, आंब्याखाली. तिथं तीन दगड मांडायची, पाणी तापवायची आणि मोरीवर येऊन हात पुढं करायची. "आण ती इकडं. कोर्टानं तुला बंदी केलीय, तिला नाय." पोर पलीकडं जायची, मी अलीकडं कठड्याला टेकून बघायची. ओव्याचं तेल रगडता रगडता आय तिला बोलायची, "गप पड, आरोपीच्या पोरी! तुझी आय काय पळून जात नाय, ती बघ, बांधून घातलीय." मी हसायची. रविवारी हजेरीला हवालदार विचारायचे, "काय गो, पळून नाय गेलीस?" मी बोलायची, पोर कडेवर घेऊन कुठं पळू, साहेब? तेपण हसायचे. तेव्हा सगळं असं हसण्यावारी चाललं होतं...

आय कलंडली त्या दिवशी तिला घेऊन आलेला रिक्षावाला तिथंच थांबलेला होता. त्यानं आणि मी आयला उचलून आत घातलं. मी त्याला बोलले, तू ने दादा, मला पलीकडं यायला बंदी आहे. तो बोलला, "ताई, वाटेत काय झालं तर? घरचं माणूस बसल्याशिवाय मी नाय नेणार." आयनं माझा पदर मुठीत धरलेला. मी बसले. शहापूरकडं फिरव बोलायला पाहिजे होतं का? मला काय सुचलं नाय, रिक्षाचं तोंड मुरबाडकडं होतं. आय वाटेतच गेली. दवाखान्यात नुसतं बघून सांगितलं.

आणि दवाखान्याच्या दारात सुरेश, बाजाराला आलेला. मोबाईल वर धरून. शूटिंग करत होता. मी पोर कडेवर, पदराला तेल, आणि तो तसाच मोबाईल धरून उभा.

थोड्या वेळानं चुलत्याचा फोन. डोकं फुटलेला तोच चुलता. रडत होता. "ये गो गावाला, वहिनीचं शेवटचं तोंड बघून जा, मी काय नाय बोलणार." मी नवऱ्याला फोन केला, तो ओरडला, आता तरी मागं फिर, पोरीला आय राहू दे! मी दवाखान्यातूनच मागं फिरले, मोरीच्या अलीकडं. आयला खांदा चुलत्यानं दिला, पाणी त्यानंच पाजलं. मला अजून कळत नाय, तो खरं रडत होता का.

आता त्या शूटिंगवरून माझा जामीन रद्द करायचा अर्ज आलाय. तारीख लागलीय. नवीन वकीलताई आहेत, त्या बोलल्या, "अगं, माणूस पळू नये, साक्षीदाराला धमकावू नये, तपासाला हजर राहावं, एवढ्यासाठी अट. त्याला गावात जायची मनाई पुरली असती, अख्खा तालुका कशाला? अट जड असली तर बदलून मागता येते. बाळंतपणालाच मागायची ना!" मागता येते हे कोणी सांगितलंच नव्हतं. आय तेवढे महिने त्या दगडांवर पाणी तापवत बसली... पदर हलला तरी पोर अजून दचकून उठते. नवरा बोलतो, कोर्टात सांग, हद्द कुठं आहे ते मला माहीत नव्हतं. ताई बोलतात, खरं सांग. खरं सांगितलं आणि जामीन गेला तर पोर अंगावर पिते, तिला कुठं ठेवू?

ताई म्हणतात, कोर्टातले साहेब विचारतील, पोर उचलल्यावर परत का नाय फिरलीस? तुमी असता, पोर हातात आलेली, आय अजून बघत होती, पदर तिच्या मुठीत... तुमी काय केलं असतं? सोडवून घेतला असता?